बोटी पुरेशा होत्या!

शिकागो शहराच्या ऐन मध्यातून एक नदी वाहते. २४ जुलै १९१५ रोजी सकाळी साडेसातच्या सुमाराला त्या नदीत, धक्क्याला बांधलेलं 'ईस्टलँड' नावाचं जहाज हळूहळू एका अंगावर गेलं आणि आडवं झालं. वादळ नव्हतं, हिमनग नव्हता, टक्कर नव्हती, आग नव्हती. जहाज प्रवासाला निघालंसुद्धा नव्हतं! पाणी जेमतेम २० फूट खोल, धक्का काही फुटांवर, आणि माणसं गेली ८४४. वेस्टर्न इलेक्ट्रिक कंपनीचे कामगार, त्यांच्या बायका, मुलं, सगळी ठेवणीतले कपडे घालून कंपनीच्या सहलीला निघालेली. पावसाची भुरभुर सुरू होती म्हणून पुष्कळ बायका-मुलं आत जाऊन बसली होती, तीच अडकली. बावीस कुटुंबं अशी, की मागे रडायलाही कोणी उरलं नाही.

जहाज उलटलं कशाने? कारणं बरीच होती, पण त्यातलं एक वाचलं आणि मी पुस्तक मिटून घरभर फेऱ्या मारायला लागले. त्याच्यावर लाइफबोटी फार झाल्या होत्या!

झालं ते असं. १९१२ साली 'टायटॅनिक' बुडालं, बोटी अपुऱ्या पडल्या, जगभर गहजब झाला. जितकी माणसं तितक्या जागा, ही मागणी घराघरांत पोचली. अमेरिकेत मार्च १९१५ मध्ये खलाशांसाठी नवा कायदा आला, त्यात बोटी-तराफ्यांची सक्ती होती. तिथल्या मोठ्या सरोवरांत चालणाऱ्या एका कंपनीचा व्यवस्थापक आधीपासून सांगत होता, की आमची जहाजं उथळ पाण्यासाठी बांधलेली आहेत, वरच्या डेकवर एवढं वजन चढवलंत तर यांतली काही पालथी होतील. ईस्टलँड तर मुळातच डोईजड होतं, पूर्वीही ते कलंडता कलंडता वाचलं होतं. तरी जुलैच्या सुरुवातीला त्याच्यावर आणखी बोटी, आणखी तराफे चढले. त्याच महिन्यात ते गेलं. जॉर्ज हिल्टन नावाच्या वाहतूक-अभ्यासकाने या दुर्घटनेवर अख्खं पुस्तक लिहिलंय आणि त्याच्या नावातच ईस्टलँडला टायटॅनिकचा वारसा म्हटलंय.

तेव्हापासून मी या विषयात जी शिरले ती शिरलेच. घरातले कंटाळलेत. आमटी वाढताना मी डेव्हिटबद्दल बोलते, लोकलमध्ये शेजारणीला 'एम्प्रेस ऑफ आयर्लंड'ची गोष्ट सांगते. आता तुमची पाळी.

टायटॅनिकपासूनच सुरुवात करू, कारण त्याचं आपल्या सगळ्यांना पाठ असतं. माणसं २,२०० च्या आसपास, बोटी २०, त्यांतल्या जागा १,१७८. कंपनीने कायदा धाब्यावर बसवला असेल असं वाटतं ना? अजिबात नाही! ब्रिटनच्या बोर्ड ऑफ ट्रेडचे नियम १८९४ सालचे होते, तेव्हा १०,००० टनांपुढचं जहाज म्हणजे डोक्यावरून पाणी. त्या वर्गाला १६ बोटी पुरे, असं लिहून ठेवलेलं. टायटॅनिक ४६,००० टनांचं निघालं तरी कागदावर १६ च. उलट त्यांनी चार घडीच्या बोटी जास्तीच्या घेतल्या होत्या. ॲक्सेल वेलिन या स्वीडिश माणसाने बनवलेली बोटी उतरवायची यंत्रं, म्हणजे डेव्हिट, तर अशी होती, की एकेका जोडीवर एकापेक्षा जास्त बोटी हाताळता याव्यात. लोखंड तयार होतं, बोटी घेतल्या नाहीत.

पण माझी झोप उडवली ती दुसऱ्याच वजाबाकीने. जागा १,१७८ आणि वाचले साधारण ७१०. म्हणजे साडेचारशेच्या वर जागा रिकाम्या! पहिली बोट खाली गेली तेव्हा तिच्यात ६५ जणांची जागा होती, बसले होते तीसहूनही कमी. एक नंबरच्या बोटीत ४० ची जागा, माणसं १२. कारण लोक चढायलाच तयार नव्हते. दिवे लागलेत, वाद्यवृंद वाजतोय, पायाखाली उबदार, भक्कम जहाज आहे, आणि तुम्हाला कोणी सांगतंय की या लाकडी होडीत बसा, आम्ही दोरांवरून खाली काळ्या पाण्यात सोडतो. कोण बसेल? त्यात रविवारी व्हायची ती बोटींची कवायत झालीच नव्हती. अधिकाऱ्यांना धास्ती, की माणसांनी गच्च भरलेली बोट लोंबकळताना मध्येच मोडेल. जहाज जिथे बांधलं त्या बेलफास्टला बोटी पूर्ण वजन घालून तपासल्या होत्या, ठणठणीत निघाल्या होत्या, फक्त ते या मंडळींना कोणी सांगितलं नव्हतं! शिवाय डाव्या बाजूला लाइटोलर नावाचा अधिकारी, तो 'बायका-मुलं' म्हणजे फक्त बायका-मुलं असा अर्थ लावून बसला. उजवीकडे मर्डॉक, तो आधी बायका-मुलांना घ्यायचा आणि जागा उरली तर पुरुषांनाही. पुरुषमाणूस जगणार की मरणार हे तो डेकच्या कुठल्या बाजूला उभा आहे यावर ठरत होतं.

आणि हे सगळं होऊनही, दोन तास चाळीस मिनिटं हाताशी असताना, समुद्र तळ्यासारखा शांत असताना, शेवटच्या दोन घडीच्या बोटी नीट उतरवता आल्याच नाहीत. पाणी डेकवर आलं आणि त्या वाहून गेल्या. २० उतरवताना ही गत. ४० असत्या तर?

मग लोक १६ बोटींवर निर्धास्त कसे होते? याचंही उत्तर सापडलं, आणि काय सुरेख सापडलं! २३ जानेवारी १९०९. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या नँटकेट बेटाजवळ दाट धुक्यात 'रिपब्लिक' नावाच्या जहाजाला 'फ्लोरिडा' धडकलं. जॅक बिन्स या वायरलेसवाल्या पोराने मोडक्या खोलीत बसून तासन्‌तास संदेश पाठवले. रिपब्लिकचे प्रवासी बोटींतून आधी फ्लोरिडावर नेले, मग दोन्हीकडचे सगळे 'बाल्टिक'वर. दीड हजारांच्या आसपास माणसं बोटींतून इकडून तिकडे! टकरीत गेले तेवढेच, बाकी सगळे वाचले, आणि रिपब्लिक दुसऱ्या दिवशी सावकाश बुडालं. सगळ्या जगाने धडा घेतला, की मोठं जहाज बुडायला वेळ घेतं, तोवर दुसरं जहाज येतं आणि बोटींचं काम फक्त फेऱ्या मारण्याचं. फेऱ्याच मारायच्या तर सगळ्यांना एकदम पुरणाऱ्या बोटी कशाला? टायटॅनिक तीन वर्षांनी त्याच भरवशावर निघालं.

इथवर मी मजेत वाचत आले. पुढे गोष्ट अंगावर यायला लागली, आणि ती समजायला मला आमच्या इमारतीतल्या काकांकडे जावं लागलं. काका मूळचे दाभोळकडचे, उभा जन्म मालवाहू जहाजांवर काढलेला, सारंग म्हणून निवृत्त झाले. मी बोटींचे आकडे घडाघडा म्हणून दाखवले तर ते ऐकून घेतलं आणि म्हणाले, "बोटी किती होत्या ते ऱ्हाऊंदे गो. जहाज कुठल्या अंगावर कललं ते सांग."

मग त्यांनी जे समजावलं ते असं. लाइफबोट म्हणजे दोन टोकांना टांगलेला पाळणा. पुढचा दोर आणि मागचा दोर, या दोन्हींना खलाशी 'फॉल' म्हणतात. दोन्ही सारख्या वेगाने सुटले तर बोट सपाट खाली जाते. एक सुटला आणि एक अडकला, की आतली माणसं पाण्यात ओतली जातात. आता हे सगळं जहाज सरळ उभं असताना. जहाज एका अंगावर कललं की काय होतं? वर गेलेल्या बाजूच्या बोटी आत झुकतात, डेकवर येऊन बसतात. रेटून बाहेर काढल्याच तर जहाजाच्या पोटावर घासत खाली जातात, आणि तेव्हाच्या पत्र्यांवर रिव्हेटच्या टोप्या बाहेर आलेल्या असत, त्यांत अडकून फळ्या उचकटतात. खाली गेलेल्या बाजूच्या बोटी जहाजापासून लांब झुलायला लागतात. डेकचा काठ इथे, बोट तिथे, मधे फट, आणि फटीखाली समुद्र. म्हणजे जहाज कललं, की निम्म्या बोटी गेल्या आणि उरलेल्या निम्म्यांत चढायला उडी मारावी लागते!

हे डोक्यात घेऊन घरी आले आणि 'एम्प्रेस ऑफ आयर्लंड' वाचायला घेतलं. तारीख २९ मे १९१४, कॅनडातली सेंट लॉरेन्स नदी, रात्रीचे दोन वाजत आलेले. टायटॅनिकनंतरचं जहाज, त्यामुळे बोटी भरपूर, जहाजावरच्या १,४७७ जणांना पुरून उरतील एवढ्या. धुक्यात 'स्टोर्स्टाड' हे कोळशाचं जहाज त्याच्या कुशीत घुसलं. हवेसाठी खिडक्या उघड्या ठेवलेल्या होत्या, त्यांतून नदी आत आली. जहाज बघता बघता उजव्या अंगावर गेलं आणि १४ मिनिटांत तळाला. बोटी उतरल्या चार-पाच. मेले हजाराच्या वर. १३८ मुलांपैकी चार वाचली. बोटींचा प्रश्न सुटला म्हणून लंडनला आंतरराष्ट्रीय करारावर सह्या झाल्या होत्या त्या याच वर्षीच्या जानेवारीत! शाई वाळली न वाळली तोच नदीने सांगून टाकलं, की प्रश्न तो नव्हताच.

आणि मग 'ल्युसिटानिया'. याच्यावर मी किती वाचलं असेल याची गणती नाही. ७ मे १९१५, पहिलं महायुद्ध चालू, आयर्लंडचा दक्षिण किनारा स्वच्छ उन्हात दिसतोय. दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी जर्मन पाणबुडीचा टॉर्पेडो लागला, दोन वाजून अठ्ठावीस मिनिटांनी जहाज दिसेनासं झालं. अठरा मिनिटं! बोटी ४८, घडीच्या धरून. कॅप्टन टर्नरने आदल्या दिवशीच त्या बाहेर काढून तयार ठेवल्या होत्या. म्हणजे तयारी होती, उजेड होता, किनारा नजरेत होता. धडपणे उतरल्या किती? सहा.

का ते मिनिटामिनिटाने कळतं, आणि प्रत्येक ठिकाणी काकांचं वाक्य आठवतं. पहिल्याच झटक्यात जहाज १५ अंश उजवीकडे कललं. डाव्या बाजूच्या कित्येक टनी बोटी सुटल्या त्या बाहेर जाण्याऐवजी आत आल्या आणि उतारावरून घसरत डेकवर उभ्या गर्दीत घुसल्या. ज्यांना वाचवायला होत्या त्यांनाच त्यांनी चिरडलं. उजवीकडे बोटी लांब झुलत होत्या, लोक पोरांना पलीकडे फेकत होते. शिवाय जहाज थांबेना! इंजिनं हुकूम ऐकेनात, वेग उरलेला, आणि चालत्या जहाजावरून पाण्यात टेकलेली बोट क्षणात उलटते. म्हणून कॅप्टनने आधी बोटी सोडायलाच मना केलं. वीज गेली, खाली अंधार. फॉल धरणारे हात नवशिके, कारण जाणते खलाशी नौदलात गेलेले. रोजची कवायत काय होती? ठरावीक खलाशी एका बोटीत चढायचे, लाइफजॅकेट घालायचे, उतरायचे. दोर सोडून बोट पाण्यात न्यायची तालीम त्यात कुठेच नाही. प्रवाशांपैकी कित्येकांनी लाइफजॅकेट उलटं घातलं होतं. पाण्यात पडल्यावर त्याने त्यांचं डोकं खाली आणि पाय वर केले.

जवळजवळ १,२०० माणसं गेली. वाचलेल्यांपैकी कितीतरी जणांना घेतलं ते किनाऱ्याकडून आलेल्या मासेमारी होड्यांनी. आइल ऑफ मॅन बेटावरची 'वाँडरर' नावाची एक शिडाची होडी मासळीसाठी तिथे होती, तिने एकटीने दीडशेच्या वर माणसं उचलली. ही होडी लक्षात ठेवा.

आता थोडं हलकं. टायटॅनिकचं धाकटं भावंड 'ब्रिटानिक'. त्याच्या बांधणाऱ्यांनी कलण्याचा प्रश्न ओळखला होता! त्यांनी क्रेनसारखे अवाढव्य, विजेवर चालणारे डेव्हिट बसवले, एवढे उंच, की एका बाजूची बोट उचलून दुसऱ्या बाजूने सोडता यावी. त्यांची छायाचित्रं बघा कधीतरी, जहाजावर कारखाना उभा केल्यासारखी दिसतात. मला तर तो त्या काळातला सर्वांत धाडसी विचार वाटतो. २१ नोव्हेंबर १९१६ ला ग्रीसच्या केआ बेटाजवळ हे जहाज, तेव्हा लष्करी इस्पितळ म्हणून चालणारं, सुरुंगावर आपटलं. ५५ मिनिटांत बुडालं. हजारावर माणसांपैकी मेली ३०. बहुतेक कशाने? कॅप्टन जहाज उथळ पाण्यात नेऊन टेकवायला बघत होता, इंजिनं चालू होती, आणि दोन बोटी हुकमाची वाट न बघता सोडल्या गेल्या. पाण्याबाहेर आलेल्या, फिरत्या पंख्यांनी त्या ओढून घेतल्या. त्यांतल्या एका बोटीतून ऐन वेळी उडी मारून वाचली व्हायोलेट जेसप ही नर्स. ही बाई १९११ मध्ये 'ऑलिंपिक'ची टक्कर झाली तेव्हा त्याच्यावर होती, टायटॅनिकवर होती, ब्रिटानिकवरही होती! तिन्ही भावंडं, तिन्ही अपघात. आणि त्यानंतरही ती बोटीवर नोकरी करतच राहिली. अशा बाईवर आपल्याकडे एकांकिका कशी नाही?

मधलं 'वेस्ट्रिस' मी पटकन सांगते. नोव्हेंबर १९२८, अमेरिकेच्या किनाऱ्यापासून दूर, वादळात जहाज आदल्या दिवसापासून कलत होतं आणि मदतीची हाक द्यायला उशीर केला गेला. बायका-मुलांना मानाने पहिल्या बोटींत बसवलं, पण वर गेलेल्या बाजूच्या. शंभरावर माणसं गेली, एकही मूल वाचलं नाही.

आणि आता 'अँड्रिया डोरिया', जिच्यासाठी हा सगळा खटाटोप. २५ जुलै १९५६ ची रात्र. जागा? नँटकेट! रिपब्लिक जिथे बुडालं तोच टापू, तेच धुकं. इटलीचं देखणं, रडारबिडार असलेलं जहाज, वर १,७०६ माणसं. स्वीडनच्या 'स्टॉकहोम'ने त्याच्या उजव्या कुशीत नाक खुपसलं आणि काही मिनिटांत डोरिया १८-२० अंशांनी कललं. बोटी १६, प्रत्येक बाजूला आठ, सगळ्यांना पुरतील एवढ्या. त्या कुठवर उतरवता येतील असं गृहीत धरलं होतं? १५ अंशांपर्यंत. झालं! डावीकडच्या आठही बोटी जागच्या हलेनात. त्या रात्री ते जहाज, नियमाने पुरेशा बोटी असलेलं, एकदम निम्म्या बोटींचं जहाज झालं, म्हणजे टायटॅनिकच.

उजवीकडच्या बोटीही एवढ्या लांब झुलत होत्या, की डेकवरून चढता येईना. म्हणून त्या रिकाम्याच खाली सोडल्या आणि माणसं दोर, जाळ्या, शिड्या धरून त्यांच्यात उतरली. म्हाताऱ्या बायका, तान्ही मुलं, सगळे. हे वाचताना मी पुढच्या पानावर काय असेल म्हणून धसका घेऊन बसले होते. आणि पुढच्या पानावर एक फ्रेंच जहाज होतं! 'इल द फ्रान्स' युरोपच्या वाटेला लागलं होतं, पुढे निघून गेलं होतं. कॅप्टन रावूल द बोदेआंने संदेश ऐकला, जहाज वळवलं, धुक्यातून वेगाने मागे आणलं, आणि जवळ पोचल्यावर झाडून सगळे दिवे लावले. जहाजाचं नाव रोषणाईच्या अक्षरांत, समुद्रात मध्यरात्री! मग त्याच्या बोटींनी फेऱ्या सुरू केल्या. एकट्या इल द फ्रान्सने ७५३ माणसं उचलली. बाकीची स्टॉकहोमने आणि इतरांनी. १,६६० वाचले. डोरियावरचे ४६ जण गेले, बहुतेक टकरीतच. जहाज ११ तास तगून सकाळी बुडालं.

कळलं का काय झालं ते? १९०९ ची ती जुनी, टायटॅनिकने खोटी पाडलेली कल्पना, की बोटी फेऱ्यांसाठी असतात, ती त्याच समुद्रात ४७ वर्षांनी अक्षरशः खरी ठरली! कारण जहाजाने वेळ दिला आणि दुसऱ्यांच्या बोटी आल्या. स्वतःच्या बोटींवर विसंबून ती माणसं वाचली नसती. हे सुचलं तेव्हा रात्रीचा एक वाजला होता आणि मी काकांचं दार वाजवता वाजवता राहिले.

सकाळी सांगितलं. काका म्हणाले, बरोबर, पण वेळ जहाज देतं तसा माणूसही देतो, नाहीतर खातो. 'कोस्टा कॉनकॉर्डिया' बघ. बघितलं. १३ जानेवारी २०१२, इटलीचं जिल्यो बेट, रात्री पावणेदहाला खडक लागला. जहाज सोडायचा हुकूम आला तो अकरा वाजत आले तेव्हा. तासाभराहून जास्त वेळ प्रवाशांना सांगत होते, की विजेचा बिघाड आहे. तोवर जहाज कललेलं, वरच्या बाजूच्या बोटी पोटावर घासत निघालेल्या. ४,२२९ माणसांतली ३२ गेली, आणि वाऱ्याने जहाज किनाऱ्याला आणून टेकवलं म्हणून आकडा तेवढ्यावर थांबला. त्या संध्याकाळीच चढलेल्या शेकडो प्रवाशांची कवायत झाली नव्हती, कारण नियम २४ तासांची मुभा देत होता. आता ती जहाज निघण्याआधी किंवा निघता निघता घ्यावी लागते. कॅप्टनला १६ वर्षांची शिक्षा झाली. कोरियाचं 'सेवोल' २०१४ मधलं. तिथे मुलांना 'जागेवरून हलू नका' सांगत राहिले आणि ३०४ जण गेले. त्याच्याबद्दल मला उत्साहाने काही लिहिता येत नाही, पुढे जाते.

आजचा नियम काय म्हणतो? २० अंश कललं तरी बोट उतरली पाहिजे. सगळे जमल्यावर हुकूम सुटला, की अर्ध्या तासात सर्व बोटी-तराफे माणसांसकट पाण्यात हवेत. हे ऐकून मी टाळी वाजवली तर काका हसले. म्हणाले, "आमका भ्या वाटायचा ता बुडण्याचा नाय, ड्रिलचा." लोंबकळत्या बोटीचे हूक अवेळी सुटतात, वायर तुटते, आणि बोट माणसांसकट वरून आदळते. मला खरं वाटेना. शोधलं तर ब्रिटनच्या सागरी अपघात तपास विभागाचा २००१ चा अहवाल निघाला. दहा वर्षांत लाइफबोटींच्या अपघातांत १२ खलाशी गेले, व्यापारी जहाजांवरच्या एकूण बळींच्या १६ टक्के, आणि तेही सगळे कवायतीत किंवा तपासणीत! २०१३ मध्ये ला पाल्मा बंदरात 'थॉमसन मॅजेस्टी'वर कवायत चालू असताना वायर तुटून पाच कर्मचारी गेले. काका देवाचं नाव घेऊन बोटीत बसायचे.

आपल्याकडचं तर तुम्हाला ठाऊकच आहे. १७ जुलै १९४७ ला भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेलं 'रामदास', काशाच्या खडकाजवळ. पावसाळी समुद्र, लाटेचा तडाखा, घाबरलेली माणसं एका बाजूला धावली आणि जहाज पालथं झालं. ६०० हून जास्त गेले. ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आले, पण ईस्टलँड आणि एम्प्रेस वाचल्यावर ती मला पहिल्यांदा जहाजाच्या अंगाने दिसली. इथे बोटी किती, जागा किती, हे प्रश्न उपस्थितच होत नाहीत. मिनिटंच नव्हती. वाचवलं ते मुंबईकडे मासळी घेऊन निघालेल्या रेवसच्या कोळ्यांनी. मासळी समुद्रात टाकून त्यांनी मचव्यांत माणसं घेतली, असं तिकडे सांगतात. १८ डिसेंबर २०२४ ला गेटवेहून घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल'ला नौदलाची वेगवान बोट धडकली आणि १५ जण गेले, तेव्हाही आसपासच्या बोटीच आधी धावल्या. वाँडरर, इल द फ्रान्स, रेवसचे मचवे!

माझं आता ठरलंय. पावसाळ्याआधी रेवसला जायचं. तिथल्या जुन्या घरांत विचारायचं, की त्या दिवशी बाहेर असलेले मचवे केवढे होते, एकात किती माणसं मावली, भरल्यावर पाणी काठापासून किती खाली राहिलं, आणि किती फेऱ्या झाल्या. काका बरोबर येतायत. मांडव्यापर्यंत रो-रोने जाऊ म्हणाले, आणि तिच्यावर चढल्याबरोबर तराफे कुठे बांधलेत ते मी दाखवीन, फोटो नंतर काढ.